तीन म्हणेपर्यंत

फ्रान्सिस, परवा एक पोरगा आला होता,
हातात मोबाईल, डोळ्यांत घाई.
म्हणाला, आजोबा, ते सगळं खोटं असायचं ना?
मी त्याला चहा दिला.
सांगितलं, कोण हरणार ते ठरलेलं असायचं.
मी हरणार, हे तर कायमचंच.
पण जाजमाखाली खोक्यांच्या फळ्या होत्या, बंदरावरून आणलेल्या,
आणि त्या फळ्यांना कोणी काही सांगितलं नव्हतं.

पोस्टरवर तू मॉस्कोचा इव्हान,
खरा गोराईचा फ्रान्सिस ग्रेशियस,
घारे डोळे, उन्हाने सोललेली गोरी मान.
कंत्राटदार बजावायचा, तोंड उघडू नकोस,
नुसता गुरगुर.
घाटकोपरला चुकून तुझा अंगठा पिरगाळला मी,
तेव्हा तू शुद्ध रशियनमध्ये ओरडलास,
आयगं, मेलो रे!
पहिल्या रांगेतल्या म्हातारीने मान डोलावली,
तिकडेही आईच आठवते म्हणजे.

मी काळा विंचू.
मुखवटा बायकोने शिवलेला,
ब्लाऊजच्या उरलेल्या साटीनचा.
नाकाशी टीप जरा घट्ट बसली,
बारा वर्षं तोंडाने श्वास घेत हरलो.
सकाळी गिरणीत रिंग खात्यात,
रात्री रिंगमध्ये.
मास्तर विचारायचा, खांद्याला काय झालं?
मी म्हणायचो, रिंगमध्ये लागलं.
एवढं खरं मी कधीच बोललो नव्हतो.

ना कंपनी, ना करार, ना फंड.
जो तंबू ठोकेल त्याचा मी,
चाळीस रुपये आणि शेरभर दूध.
उरणच्या जत्रेत म्हणाले, देवीच्या दारात विंचू नको,
तर कनातीमागे टॉवेल गुंडाळून
पाच मिनिटांत बगदादचा बादशहा झालो.
बादशहा म्हणूनही हरलो.

आणि वरळीची ती रात्र.
हरला तर मुखवटा उतरणार,
महिनाभर भिंतीभिंतींवर खळ.
तू मला पालथा घातलास, पाठीवर गुडघा,
आणि नाडी सोडता सोडता कानात म्हणालास,
एकनाथ, डोळे मीट, दिवे फार आहेत.
किती जपून सोडलीस रे गाठ.
बायकोनेही कधी केसांतला गुंता
असा सोडवला नव्हता.

मुखवटा निघाला.
सगळे बाकांवर चढून बघू लागले,
मग गप्प झाले.
मागून कोणीतरी विचारलं, हा कोण?
बारा वर्षं ज्याला शिव्या घातल्या
तो असा निघावा, कारकुनासारखा,
कानाशी साबणाचा फेस राहिलेला.
त्यांची चूक नव्हती.
चौथ्या रांगेत तेवढा आमचा जॉबर नारबा गुरव
ताडकन उभा राहिला,
अरे, ह्याने तापाची चिठ्ठी दिलीय!
दोन दिवसांचा पगार कापला.

पुढे नऊ वर्षं आणखी हरलो, नावं बदलून.
ती पोस्टरं माझ्याकडे नाहीत, पोराला तेच हवं होतं.
मुखवटा आहे. सून त्यात लसूण ठेवते.
डोळ्यांच्या भोकांतून वारा लागतो,
कुजत नाही म्हणे.

हे सगळं तुला का कळवतोय, तर
काल न्हाणीघरात पाय सटकला.
हनुवटी आपोआप छातीला,
पंजा पसरून फरशीवर आपटला,
भायखळ्याच्या गादीकारखान्यात
तू रविवार रविवार घोटून घेतलंस तसा.
आवाज असा झाला की खालच्या मजल्यावरचे वर आले.
हाड एक मोडलं नाही.

मी उताणा. नळ चालू.
दोन्ही खांदे जमिनीला टेकलेले,
आणि उठेना. लागलं म्हणून नव्हे.
एक झालं.
दोन झालं.
सवयीने पडून होतो.

दाराबाहेर सून ओरडत होती, शेजारी कडी हलवत होते,
पण तीन कोणी म्हणेना.
मग उठलो.